चोवीस वर्षं एकच महापौर

गेल्या आठवड्यात एका जुन्या मित्राबरोबर चहाला गेलो होतो. त्याने दहा वर्षांत पाच कंपन्या बदलल्यात. मी एकाच प्रॉडक्टवर नऊ वर्षं आहे, हे ऐकून त्याने माझ्याकडे असं पाहिलं की जणू मी अजून पेजर वापरतो. "अरे, तीन वर्षांच्या वर एका जागी बसलास की माणूस गंजतो," इति मित्रवर्य. मी वाद घातला नाही. पण घरी येताना मला अचानक लुई तोबाक आठवला.

आता हा कोण? सांगतो.

२०११ ते २०१३ मी ऑनसाईट होतो, बेल्जियममध्ये, ल्यूव्हन नावाच्या गावी. गाव म्हणजे लाखभर वस्तीचं शहर, ब्रसेल्सहून रेल्वेने अर्ध्या तासाच्या आत. १४२५ सालचं विद्यापीठ, स्टेला आर्टवा बिअरचं जन्मस्थान, आणि आपल्या मंडळींना माहीत असलेली गोष्ट म्हणजे चिप संशोधनाची आयमेक ही संस्था. (आयमेकमुळे तिथे भारतीय बरेच. शनिवारी सुपरमार्केटात कोथिंबिरीपाशी हमखास कोणीतरी भेटायचंच.)

तर मी तिथे असताना, १४ ऑक्टोबर २०१२ ला, स्थानिक निवडणुका झाल्या. आमची घरमालकीण, सत्तरीच्या घरातली बाई, त्याआधी महिनाभर रोज कुरकुरत होती. "परत उभा राहिलाय! चौथ्यांदा! चौऱ्याहत्तर वर्षांचा आहे!" मी विचारलं, मग तुम्ही दुसऱ्याला मत देणार का? तर म्हणाली, "छे, दुसऱ्याला कशाला?" मी गप्प.

तोच हा लुई तोबाक. जन्म १९३८, ल्यूव्हनचाच. रोमान्स भाषा, म्हणजे फ्रेंच आणि तिच्या बहिणी, शिकला आणि मास्तर झाला. (वयाने माझे आजोबा शोभतील, पण परदेशी माणसाला मराठीत आपण सर्रास एकेरीवर आणतो. चालवून घ्या.) मग समाजवादी पक्षातून राजकारण. १९७४ ला खासदार, पुढे संसदेत पक्षाचा गटनेता, १९८८ ते १९९४ देशाचा गृहमंत्री, १९९४ पासून पक्षाध्यक्ष. आणि १ जानेवारी १९९५ ला ल्यूव्हनचा महापौर. तो महापौर राहिला थेट २०१८ च्या अखेरीपर्यंत. मधले १९९८ चे काही महिने सोडले (त्यावर येतोच), तर चोवीस वर्षं.

एक सांगायला हवं, तिथला महापौर म्हणजे आपला महापौर नव्हे. आपल्याकडे महापौर अडीच वर्षांचा, आणि खरी सत्ता आयुक्तांच्या हातात. पुण्यात तर मार्च २०२२ ला सभागृहाची मुदत संपली आणि पुढची तीनहून जास्त वर्षं प्रशासकानेच गाडा हाकला, तरी रोजचा कचरा रोजच्यासारखाच (उशिरा) उचलला जात होता. महापौर नाही हे कित्येकांच्या लक्षातही आलं नसेल. बेल्जियममध्ये महापौर सहा वर्षांचा. कारभारी मंडळाचा प्रमुख तोच आणि शहरातल्या सार्वजनिक सुव्यवस्थेची, पोलिसांची जबाबदारीही त्याच्याकडेच. परत निवडून येण्यावर बंधन नाही. त्यामुळे तिथे दोन-दोन दशकं खुर्चीत असलेले महापौर फार दुर्मीळ नाहीत. लोक मंत्रिपद सोडून महापौर होतात. आपल्याकडे कोणी मंत्रिपद सोडून महापौर झाल्याचं ऐकलंय?

असो. तर मित्राच्या गंजण्याच्या थिअरीला माझं उत्तर आहे ल्यूव्हनचं रेल्वे स्टेशन.

स्टेशनातून बाहेर आलं की एक मोठा मोकळा चौक लागतो. मध्ये १९१४ मध्ये जर्मन सैन्याने मारलेल्या नागरिकांचं स्मारक. (त्याच ऑगस्टात विद्यापीठाचं ग्रंथालय जाळलं गेलं, लाखो पुस्तकांसकट.) चौकात माणसं चालतात, सायकली जातात, बाजूला बस स्टँड, समोर सरळसोट रस्ता थेट जुन्या गावात. पहिले दोन महिने मला त्यात काही विशेष वाटलंच नाही. मग एका सहकाऱ्याने सांगितलं की शहराभोवतीचा रिंग रोड याच चौकातून जातो. मी म्हटलं, कुठाय? तर म्हणे पायाखाली. एकेकाळी गाड्यांची सगळी रहदारी इथे स्टेशनाच्या तोंडाशी असायची. तो रस्ता बोगद्यात घातला, पार्किंग जमिनीखाली नेलं, आणि वरची जागा पायी चालणाऱ्यांना परत दिली. मार्सेल स्मेट्स हा तिथल्याच विद्यापीठातला नगररचनेचा प्राध्यापक आणि बार्सिलोनाचा वास्तुरचनाकार मानुएल दे सोला-मोरालेस यांची ही आखणी. काम ९० च्या दशकात सुरू झालं आणि नवं शतक उजाडल्यावर पुरं झालं. मग एकेक करत स्टेशनाशेजारी ऑफिसं उभी राहिली, २००९ मध्ये महापालिकेची कचेरीही तिथे आली. म्हणजे कोणाला दाखला हवा असेल तर ट्रेनमधून उतरायचं, दाखला घ्यायचा, पुढच्या ट्रेनने परत. गावातला तो सुप्रसिद्ध नक्षीदार गॉथिक टाउन हॉल समारंभाला आणि फोटोला.

आता विचार करा. स्टेशनासमोरचा मुख्य रस्ता वर्षानुवर्षं खणून ठेवायचा. दुकानदार बोंबलणार, पेपरवाले झोडपणार, गाडीवाले शिव्या घालणार. ज्याला अडीच वर्षांत जायचंय तो हे कशाला करेल? खणल्याचं पाप त्याच्या डोक्यावर आणि फीत कापायला दुसरा! आमच्या धंद्यात हे रोज दिसतं. दोन वर्षांत जाणारा माणूस नवीन फीचर टाकतो, डेमो देतो, टाळ्या घेतो. डेटाबेसचं स्कीमा मुळातून बदलायचं किचकट काम तो करत नाही, कारण त्याचा फायदा दिसेपर्यंत त्याची फेअरवेल पार्टी झालेली असते. ते काम तोच करतो ज्याला माहीत असतं की रात्री दोनला फोन आला तर आपल्यालाच येणार आहे.

हे एका माणसाने केलं असं मी म्हणत नाही. आखणी दुसऱ्यांची, पैसा बऱ्याच ठिकाणचा, सत्ता आघाडीची. पण सलग चार कार्यकाळ एकच माणूस "हे होणार" म्हणत बसलेला असतो, याला किंमत आहे. कालव्याकाठची जुनी गिरणी-गोदामं-ब्रुअरीची वस्ती हळूहळू राहण्याजोगी झाली. ११२९ साली स्थापन झालेला पार्कचा मठ शहराने ९९ वर्षांच्या भाडेपट्ट्याने घेतला आणि दुरुस्तीला काढला. (९९ वर्षं! आम्ही तिमाहीच्या पुढचं प्लॅनिंग केलं तर मॅनेजर हसतो.) २०१६ मध्ये, म्हणजे शेवटच्या कार्यकाळात, अठ्ठ्याहत्तरीच्या या म्हाताऱ्याच्या कारकिर्दीत जुन्या गावाचे भाग पाडून गाडीने एका भागातून थेट दुसऱ्यात जाणं बंद केलं. रिंग रोडवर या, वळसा घाला, मग आत शिरा. सायकलला मात्र कुठेही मुभा.

याच्या उलट उदाहरण म्हणजे शेजारचं हासेल्ट. तिथे १९९७ मध्ये स्टीव्ह स्टीव्हर्ट नावाच्या महापौराने शहर बस सगळ्यांना फुकट केली. जगभर नाव झालं. तोही समाजवादीच आणि तोबाकबरोबरच महापौर झालेला. पण १९९८ मध्येच तो फ्लेमिश सरकारात मंत्री होऊन गेला. फुकट बसचा खर्च मागे राहिलेल्यांना वाहावा लागला आणि २०१३ मध्ये ती योजना गुंडाळली. कल्पना झकास होती, माझं त्याबद्दल दुमत नाही. पण ती चालवायला लेखक जागेवर नव्हता.

इथपर्यंत वाचून तुम्ही म्हणाल, याने तोबाकचा मठच काढला! थांबा.

पहिली गोष्ट, मास्तर शेवटपर्यंत मास्तरच राहिला. तोंडाने फटकळ, समोरच्याला वर्गात उभं केल्यासारखा झापणारा, अशीच त्याची ख्याती. घरमालकीण म्हणायची, "तो बोलला की मला वाटतं मी गृहपाठ केलेला नाही." ती हे हसून सांगायची, पण चोवीस वर्षं एका शहराने गृहपाठ न केल्यासारखं का वाटून घ्यायचं? एकाच माणसाकडे सिस्टीमची सगळी किल्ली असली की बाकीचे प्रश्न विचारायचं विसरतात. हे मी माझ्या नऊ वर्षांबद्दलही बोलतोय, कारण आमच्या टीममधली नवी पोरं मला विचारल्याशिवाय एक फाईल हलवत नाहीत. मला आधी तो मान वाटायचा. आता वाटत नाही.

दुसरी, घरांचे भाव. शहर देखणं झालं, चालण्याजोगं झालं आणि महागलं. फ्लँडर्समधल्या सर्वांत महाग शहरांत ल्यूव्हन मोडतं. कालव्याकाठी जिथे कामगार राबायचे तिथे आता माझ्यासारखे लॅपटॉपवाले फ्लॅट बघायला जातात. समाजवादी महापौराच्या चोवीस वर्षांत हे व्हावं, याला उपरोध म्हणू की प्रगती, मला अजून ठरवता आलेलं नाही.

तिसरी गोष्ट मात्र साधी नाही.

एप्रिल १९९८ मध्ये मार्क द्युत्रू हा लहान मुलींचं अपहरण आणि खून यांसाठी कोठडीत असलेला आरोपी काही तासांसाठी निसटला. बेल्जियम पेटला. गृहमंत्री आणि न्यायमंत्री, दोघांनी राजीनामे दिले. गृहखातं सांभाळायला कोण? अनुभवी म्हणून तोबाकला परत बोलावलं. पाचच महिन्यांनी, २२ सप्टेंबर १९९८ ला, सेमिरा अदामू या वीस वर्षांच्या नायजेरियन मुलीला विमानात बसवून जबरदस्तीने परत पाठवत असताना पोलिसांनी तिचं तोंड उशीवर दाबून धरलं आणि ती गेली. नको असलेल्या लग्नातून पळून आश्रय मागायला आलेली मुलगी होती ती. उशीची ही पद्धत तेव्हाच्या नियमांत बसणारी होती. पोलीस स्वतःच त्याचं चित्रीकरण करत होते. काही दिवसांतच तोबाकने राजीनामा दिला. २००३ मध्ये चार पोलीस दोषी ठरले, शिक्षा मात्र स्थगित झाली.

आणि तोबाक? तो ल्यूव्हनला परत आला, महापौर म्हणून. पुढे वीस वर्षं. २०००, २००६, २०१२, तिन्ही वेळा लोकांनी त्याला ठेवलं.

मी यावर बराच विचार केलाय. मंत्र्याने जबाबदारी घेऊन पायउतार व्हायला हवं, ते त्याने केलं. आपल्याकडे रेल्वे अपघातानंतरचा शास्त्रीजींचा राजीनामा अजून दाखल्यादाखल सांगावा लागतो, यावरून ते किती दुर्मीळ आहे कळतं. पण राजीनामा दिला म्हणजे खातं मिटलं का? घरमालकिणीला मी एकदा भीत भीत विचारलं. ती बराच वेळ भांडी पुसत राहिली. मग म्हणाली, "ते ब्रसेल्सचं होतं. इथे तो आमचा महापौर आहे."

मला हे उत्तर तेव्हाही पटलं नाही, आजही पटत नाही. माणूस तोच असतो. ल्यूव्हनचे मतदार चौक, बस, सायकलमार्ग बघून मत देत होते आणि त्यात गैर काही नाही, महापौराला त्याच्यासाठीच निवडतात. पण सेमिरासारख्यांना तिथे मत नव्हतंच. मलाही नव्हतं. २००६ पासून युरोपबाहेरच्या लोकांनाही स्थानिक निवडणुकीत मत देता येतं, पण त्यासाठी पाच वर्षं देशात राहिलेलं असावं लागतं. माझी दोनच. फरक एवढाच, की मी कंपनीच्या व्हिसावर, बिझनेस सूटकेस ओढत आलो होतो आणि त्या सुंदर चौकात मला कोणी अडवलं नाही.

मग एवढं असून मी त्याच्या बाजूने का? कारण माझ्या मते टिकून राहण्याची हीच तर खरी कसोटी आहे. कंपनी बदलणाऱ्याच्या चुका मागच्या कंपनीत राहतात, कोणी विचारत नाही. चोवीस वर्षं त्याच गावात राहणाऱ्याला बाजारात जाताना त्याच लोकांना तोंड द्यावं लागतं. विचारणारे विचारू शकतात. ते विचारत नसतील, तर दोष टिकण्याचा नाही, विचारणाऱ्यांचा आहे. आणि कधीतरी जागा सोडावी लागते, तीही त्याने सोडली. १ जानेवारी २०१९ पासून तिथे मोहमेद रिदुआनी महापौर झाला, मोरोक्कोहून आलेल्या आईबापांचा मुलगा. त्याआधी तो बरीच वर्षं तोबाकच्याच कारभारी मंडळात काम शिकत होता. त्याच्या काळात, २०२० मध्ये, ल्यूव्हनला युरोपची 'नवोन्मेष राजधानी' हा मान मिळाला. त्याचं श्रेय दोघांपैकी कोणाला द्यायचं यावर तिकडे वाद घालता येईल.

मी मात्र परवा एक काम केलं. आमच्या प्रॉडक्टचा सगळ्यात जुना, फक्त मलाच कळणारा मॉड्यूल टीममधल्या सगळ्यात नव्या मुलीकडे सोपवला. तिने पहिल्याच दिवशी विचारलं, "सर, हे असं का लिहिलंय?" मला उत्तर देता आलं नाही. नऊ वर्षांपूर्वी काहीतरी कारण होतं खरं.

बाकी, कोणी ल्यूव्हनला जाणार असाल तर स्टेशनाबाहेर पाच मिनिटं नुसते उभे राहा आणि गाड्या कुठे गेल्या ते ऐका. खाली आहेत.