बेरजेत न मावणारी बाई

बुलढाणा जिल्ह्यातल्या दुसरबीडहून सिंदखेडराजाकडे निघालं की राहेरीला खडकपूर्णेचा पूल लागतो. पुढे किनगाव राजा, मग सिंदखेडराजा आणि तिथे जिजाऊंचा जन्म झाला ती लखुजीराव जाधवांची गढी. याच नदीवर वरच्या अंगाला, देऊळगाव महीच्या बाजूला मोठं धरण आहे. त्याचं नाव संत चोखासागर, कारण चोखोबांचं जन्मगाव म्हणून मान असलेलं मेहुणा राजा तिथून जवळच. चोखोबांच्या घरात त्यांच्या पत्नी सोयराबाई होत्या, अभंग रचणाऱ्या. अशा रीतीने एकाच खोऱ्यात दोन बायकांची आठवण नांदते. एकीला गढी मिळाली, दुसरीला गावकुसाबाहेरची जागा.

‘बाई ती बाई, सगळ्यांचं दुःख सारखंच’ हे वाक्य या पुलावर उभं राहून म्हणता येत नाही. तरी ते म्हटलं जातं. त्याच्या जोडीला आणखी तीन आक्षेप असतात: जात, वर्ग, लिंग एकत्र बघायचा विचार परदेशी आहे; खरा भेद गरीब-श्रीमंताचा, बाकी सगळा घोळ; आणि असे पोटभेद काढले की चळवळ फुटते. तिन्ही आक्षेप चुकीचे आहेत, आणि ते तपासायला बुलढाणा जिल्ह्याबाहेर फारसं जावंही लागत नाही.

आधी परदेशीपणाचं बघू. अमेरिकेतल्या कायद्याच्या अभ्यासक किंबर्ले क्रेनशॉ यांनी १९८९ साली या विचाराला नाव दिलं, हे खरं. त्यांच्यासमोर १९७६चा एक निकाल होता. जनरल मोटर्सने कपात केली तेव्हा सर्वांत शेवटी कामावर घेतलेल्यांना आधी काढलं आणि त्यात काळ्या स्त्रिया सापडल्या. त्या कोर्टात गेल्या. कंपनीत स्त्रिया आहेत, पण त्या गोऱ्या. काळे कामगार आहेत, पण ते पुरुष. कोर्ट म्हणालं, वंशभेदाची तक्रार करा किंवा लिंगभेदाची, दोन्हींची मिळून वेगळी तक्रार होत नाही. वंश आणि लिंग या दोन रस्त्यांच्या चौकात उभ्या असलेल्या बाईसाठी क्रेनशॉ यांनी ‘इंटरसेक्शनॅलिटी’ हा शब्द दिला.

नाव तिथलं असेल, पण दुखणं इथे कितीतरी आधी ओळखलं गेलं होतं. चौदाव्या शतकात सोयराबाईंनी विटाळाच्या कल्पनेलाच हात घातला: ज्या देहाला विटाळ म्हणता, त्याच देहातून सोवळं मिरवणारेही जन्मले ना? चोखोबांना विटाळ चिकटला तो जातीचा. सोयराबाईंना जातीचा आणि बाईच्या देहाचाही, आणि त्या दोहोंना एकाच प्रश्नाने भिडल्या. पुढे १८५५ साली फुल्यांच्या शाळेत शिकणाऱ्या मुक्ता साळवे या मातंग मुलीने ‘ज्ञानोदया’त निबंध लिहिला. आपल्या समाजाच्या हालअपेष्टा सांगताना ती उघड्यावर बाळंत होणाऱ्या बायकांपाशी थांबली. पेशवाईतल्या अन्यायाचा तो ताळेबंद कुणा पुरुषाच्या हातून या शब्दांत उतरला नसता.

आणि ताराबाई शिंदे तर बुलढाण्याच्याच. वडील बापूजी हरी शिंदे डेप्युटी कमिशनरच्या कचेरीत, विचाराने सत्यशोधक. त्यांनी लेकीला शिकवलं. घर मराठा, प्रतिष्ठित, म्हणून पुस्तकं हाती आली; आणि तेच घर मराठा, प्रतिष्ठित, म्हणून पडदाही आला. एकाच जातीने एका हाताने दिलं आणि दुसऱ्या हाताने बांधून ठेवलं. सुरतेची ब्राह्मण विधवा विजयालक्ष्मी हिला १८८१मध्ये स्वतःचं अर्भक मारल्याबद्दल फाशीची शिक्षा झाली, ती पुढे अपिलात टळली. त्यावरून वर्तमानपत्रांतून बायकांच्या नीतीवर झोड उठली, तेव्हा ताराबाईंनी १८८२ साली ‘स्त्री-पुरुष तुलना’ लिहिलं. विजयालक्ष्मीची जात सर्वांत वरची होती. कितीतरी शेतकरी-कामकरी जातींमध्ये विधवेला पाट लावण्याची सोय होती. तिला ती नव्हती ती उंच जातीमुळेच. वरच्या पायरीची किंमत बाईच्या देहातून वसूल होत होती. हा हिशोब नुसत्या जातीच्या किंवा नुसत्या स्त्रीत्वाच्या रकान्यात बसत नाही.

आता ‘गरीब तो गरीब’.

दुसरबीडला जिजामाता सहकारी साखर कारखाना होता. तो बंद पडला, तरी ऊसतोडीची भाषा या पट्ट्याला परकी नाही. मुकादमाकडून उचल घेतली जाते ती कोयत्यावर, आणि कोयता म्हणजे नवरा-बायको मिळून एक. एकटा माणूस अर्धा कोयता. मजुरी जोडीची, हिशोब नवऱ्याच्या हाती. एका दिवसाचा खाडा पडला की दंड. पहाटे उठून कोपीत चूल पेटवायची, फडात मोळ्या बांधायच्या, डोक्यावरून गाडीत भरायच्या. पाळी आली, गर्भ असला तरी खाडा परवडत नाही. बीड जिल्ह्यातल्या ८२,३०९ ऊसतोड महिलांच्या २०१९च्या सरकारी पाहणीत १३,८६१ जणींचं गर्भाशय काढलेलं आढळलं. शेजारच्याच कोपीतला पुरुष तितकाच गरीब होता, उचल त्याच्याही डोक्यावर होती, पण त्याच्या शरीरातलं काही काढलं गेलं नाही. दुसरीकडे, शहरातल्या नोकरदार बाईला पाळीचा त्रास होतो तेव्हा ती रजा टाकू शकते. फडातल्या बाईला गरिबी, बाईपण आणि वर्षातला निम्मा काळ परमुलखात असणं यांनी एकाच वेळी गाठलेलं असतं.

शेतकरी आत्महत्यांचंही तसंच. पश्चिम विदर्भातल्या ज्या जिल्ह्यांची नावं त्यासाठी सतत घेतली जातात, त्यांत बुलढाणा आहे. घरच्यांना एक लाखाची सरकारी मदत मिळते ती प्रकरण ‘पात्र’ ठरलं तर, आणि पात्रतेसाठी आधी सातबारा लागतो, मग बँकेचं किंवा परवानाधारक सावकाराचं कर्ज. मृताच्या घरात शेत असेल तर निदान अर्ज तरी होतो. ज्याने दुसऱ्याचं रान मक्त्याने केलं, त्याची विधवा कागदावर शेतकऱ्याची बायकोही ठरत नाही. भूमिहीन दलित किंवा भटक्या जमातीतल्या घरी तर सातबारा मुळातच नसतो, कारण पिढ्यान्‌पिढ्या जमीन कुणाकडे असावी हे जातीने ठरवलं. सवर्ण शेतकरी घरातल्या लेकीला कायद्याने वाटा आहे, तोही ती भावांसाठी हक्कसोडपत्रावर सही करून सोडून देते. दोघींकडे जमीन नाही, पण ती नसण्याची कारणं वेगळी आहेत, म्हणून उपायही एक असू शकत नाही.

राहिला फुटीचा आक्षेप. ‘आधी जात मिटू दे, बायकांचं नंतर’ किंवा ‘आधी स्त्रियांची एकजूट, जातीचं नंतर’ असं सांगितलं जातं, आणि नंतरची पाळी येतच नाही. ताराबाईंचं पुस्तक सत्यशोधक वर्तुळातल्या काही पुरुषांनाही झोंबलं. जोतीरावांनी १८८५मध्ये ‘सत्सार’मधून ताराबाईंची बाजू उघडपणे घेतली. त्यामुळे चळवळ फुटली नाही, तिचा पाया रुंद झाला. १९८९ साली मीनाक्षी मून आणि उर्मिला पवार यांनी ‘आम्हीही इतिहास घडवला’मधून आंबेडकरी चळवळीतल्या स्त्रियांची कामगिरी नोंदवली. त्याने आंबेडकरी चळवळीचं काही उणं झालं नाही. तिच्या इतिहासातली गाळलेली पानं भरली गेली.

फुटीच्या भीतीमागे आणखी एक कारण असतं: ‘विशेषाधिकार’ हा शब्द ऐकून अनेकांना आरोप झाल्यासारखं वाटतं. कष्टाने पिकवणाऱ्या मराठा, माळी किंवा वंजारी शेतकऱ्याला ‘तुला सवलत आहे’ म्हटलं तर राग येणारच; पीक गेलं तेव्हा त्याला कुणी सवलत दिली? तो दुष्काळापुढे दुबळा आहे आणि सातबाऱ्यावर नाव असल्याने शेतमजूर बाईपेक्षा भक्कमही आहे. या दोन्ही गोष्टी एकाच माणसाबद्दल खऱ्या असू शकतात.

सर्वोच्च न्यायालयाने २७ एप्रिल २०२१ रोजी आंध्र प्रदेशातल्या पाटण जमाल वली प्रकरणात एकाच व्यक्तीच्या ओळखी एकमेकींपासून सुट्या करता येत नाहीत, हेच मांडलं. पीडित तरुणी अंध होती आणि अनुसूचित जातीची. बलात्काराची जन्मठेप कायम राहिली, पण अत्याचार प्रतिबंधक कायद्याखालची शिक्षा टिकली नाही, कारण गुन्ह्याच्या वेळच्या कलमात ‘जातीच्या कारणावरून’ असं सिद्ध करावं लागे. ती बाई होती म्हणून, अंध होती म्हणून की दलित होती म्हणून, असं वेगळं काढून दाखवता येत नाही, हे न्यायालयाने स्वतः लिहिलं. कायद्यातली ती अट २०१६पासून सैल झाली आहे. एकेक ओळख सुटी करून मोजणारा नियम सर्वांत दुबळ्या बाईलाच कसा अपुरा पडतो, ते इथे दिसतं.

म्हणून मागणी साधी आहे. मदतीच्या प्रत्येक यादीत घर, जमीन, जात, नवरा असणं-नसणं आणि स्थलांतर हे प्रश्न एकत्र विचारले जावेत. महाराष्ट्रात ग्रामसभेआधी महिलांची सभा घेणं कायद्याने बंधनकारक आहे. प्रजासत्ताकदिनाच्या ग्रामसभेआधी ती दुसरबीडला भरेल, बारा जानेवारीच्या जयंतीला जिजाऊंच्या गढीवर जमलेला जनसागर ओसरल्यानंतर. तो ऐन गाळपाचा हंगाम. कोयत्यावर गेलेल्या बाया तेव्हा दुसऱ्या जिल्ह्यातल्या फडात असतील. त्या सभेच्या वहीत हजर बायकांच्या सह्यांशेजारी एक पान त्यांच्या नावांसाठी असावं, आणि त्या एप्रिलमध्ये परततील तेव्हा सभा पुन्हा बोलवावी.