नाव पाहून वेग

२०२२ च्या मार्च महिन्यात दक्षिण कोरियातून एका छोट्या प्रयोगाची बातमी जगभर पोहोचली. फोनचा वेग मोजणारे 'थ्रीडीमार्क' हे ॲप घेतले. त्याचे काम होते तसेच ठेवले. फोन ज्यावरून ॲप ओळखतो ते आतले नाव तेवढे बदलले आणि तिथे 'गेन्शिन इम्पॅक्ट' या खेळाचे नाव घातले. फोन तोच, चाचणी तीच. आकडा मात्र कोसळला.

फोन काम बघून वेग ठरवत नव्हता. नाव बघून ठरवत होता.

फोन सॅमसंगचा होता आणि आतल्या यंत्रणेचे नाव 'गेम ऑप्टिमायझिंग सर्व्हिस'. तिच्या यादीत सुमारे १०,००० ॲपची नावे सापडली. खेळांची होतीच, खेळ नसलेल्यांचीही होती. कोणाची नव्हती ते जास्त बोलके आहे. वेग मोजणाऱ्या ॲपची नव्हती. खेळ सोडून बाकीच्या ॲपना ही यंत्रणा हात लावत नाही, असा खुलासा कंपनीने केला. तो जसाच्या तसा मान्य केला तरी मूळ गोष्ट उरतेच. मोजणाऱ्यासमोर फोन पूर्ण वेगाने धावला आणि खेळणाऱ्याच्या हातात आल्यावर मंदावला. 'गीकबेंच' ही वेगाची चाचणी चालवणाऱ्यांनी सॅमसंगच्या एस १० पासून एस २२ पर्यंतच्या चार पिढ्या आपल्या तक्त्यातून काढून टाकल्या. त्यांचे कारण नेमके होते. वेग कापायचा की नाही हे ॲपच्या वागण्यावरून ठरत नाही, ओळखीवरून ठरते. मग आमच्या मोजणीला अर्थ काय?

१६ मार्चला भागधारकांच्या सभेत कंपनीचे तेव्हाचे उपाध्यक्ष हान जाँग-ही यांनी माफी मागितली. यंत्रणा बाजूला ठेवण्याची सोय त्याच महिन्यात अपडेटमधून आली. एस २२ आपल्याकडे ७२,९९९ रुपयांपासून विकायला आला होता. एवढी रक्कम मोजणाऱ्याला स्वतःच्या फोनचे बटण मिळाले ते गवगवा झाल्यावर.

वेग कापण्यासाठी दिले जाणारे उष्णतेचे कारण खोटे नाही. फोनला पंखा नसतो. तळहाताएवढ्या बंद डबीत प्रोसेसर आणि ग्राफिक्स पूर्ण जोरात चालले की उष्णतेला बाहेर पडायला पाठ आणि कडा एवढीच वाट. हात भाजू नये, बॅटरी लवकर निकामी होऊ नये म्हणून वेग आवरावा लागतो. हे कुणी नाकारत नाही. पण त्यासाठी फोनमध्ये तापमान मोजणारे सेन्सर बसवलेले असतात. पाठ तापली की वेग उतरवायचा, निवली की चढवायचा. हा व्यवहार सरळ आहे आणि तो प्रत्येक फोन करतो. नावावरून वेग कापणे हा निराळा व्यवहार. तिथे फोन थंड असतानाही खेळाच्या वाट्याला कमी येते. यादीला ऊन कळत नाही. वैशाखातल्या दुपारी कोकणातल्या दाभोळच्या धक्क्यावर बसलेला मुलगा आणि आषाढातल्या धारेत घरच्या पडवीत बसलेला तोच मुलगा, दोघांना तीच कात्री लागते.

फेरीबोटीची वाट बघताना धक्क्यावरची पोरे काय करतात ते दाभोळात कुणाला सांगायला नको. बोट खाडीपलीकडे धोपाव्याला गेलेली असते. ती वळून येईपर्यंत 'बीजीएमआय' या मोबाइल खेळाचा डाव सुरू होतो. मध्येच एखादा मान वर करून म्हणतो, लॅग आला. मग खापर ठरलेल्या ठिकाणी फुटते: रेंज नाही. खाडीच्या काठाला, डोंगराच्या आडोशाला रेंज खरोखरच दगा देते. म्हणून या उत्तरावर कुणी शंका घेत नाही. सिम बदलले जाते. मोठे रिचार्ज मारले जाते. तरी अडखळणे थांबत नाही, तेव्हा 'फोन जुना झाला' असा निकाल लागतो आणि गणपतीला मुंबईहून येणाऱ्या काकांकडे नव्या फोनची मागणी जाते. घरातले पैसे असे एका चुकीच्या निदानावर खर्ची पडतात.

निदान करणे फार अवघड नाही. खेळताना पडद्याच्या कोपऱ्यात पिंग दिसते, म्हणजे खेळाच्या सर्व्हरपर्यंत जाऊन यायला लागणारा वेळ. ती जास्त असेल, लाल होत असेल, तर दोष रेंजचा. पिंग हिरवी आहे, आकडा लहान आहे, आणि तरीही हालचाल तुटक दिसते आहे, तर टॉवरला बोल लावू नये. फोन फ्रेम, म्हणजे सेकंदाला दिसणारी चित्रे, कमी काढतो आहे. तो तापल्यामुळे काढत असेल किंवा त्याला तसे आधीच सांगून ठेवलेले असेल. यातले कोणते, हे खेळणाऱ्याला कळण्याची सोय नाही. बॅटरी उतरली की फोन लगेच सांगतो. जागा भरली की सांगतो. चार्जिंगच्या तोंडात ओल शिरली तरी आजचे फोन सांगतात. वेग कापला की मात्र एक ओळ येत नाही. २ सप्टेंबर २०२० रोजी सरकारने पबजीसह ११८ ॲपवर बंदी घातली, ती जाहीर पत्रक काढून. पोरे चिडली, पण काय झाले ते त्यांना ठाऊक होते. फोनमधली ही छोटी बंदी कुणालाच ठाऊक नसते.

हे गप्प राहणेच मला सहन होत नाही.

सांगितलेली क्षमता आणि मिळालेली क्षमता यांच्या वादाची दाभोळला तर चांगली ओळख असायला हवी. खाडीपलीकडे, गुहागर तालुक्यात अंजनवेलला उभा राहिलेला एन्रॉनचा वीजप्रकल्प जगभर दाभोळच्या नावाने गाजला. २८ जानेवारी २००१ रोजी राज्य वीज मंडळाने त्याच्याकडे पूर्ण वीज मागितली. थंड असलेला प्रकल्प तीन तासांत पूर्ण क्षमतेला यायला हवा, असे मंडळाचे म्हणणे होते. तो आला नाही. जाहीर केलेली क्षमता खरी नव्हती असा आरोप करून मंडळाने सुमारे ४०० कोटी रुपयांचा दंड लावला. कंपनीने तो नाकारला आणि भांडण लवादापर्यंत गेले. त्या वीजखरेदी करारात महाराष्ट्राचे किती नुकसान झाले हे पुन्हा सांगायला नको. पण त्या वाईट करारातही एक गोष्ट होती. घेणाऱ्याच्या हातात कागद होता. किती मेगावॉट, किती तासांत, हे त्यावरून विचारता आले.

फोन घेणाऱ्याच्या हातात काय असते? खोक्यावर चिपचे नाव, गिगाहर्ट्झचा आकडा, आणि दुकानात ऐकलेले 'गेमिंगला एकदम बेस्ट'. कोणत्या खेळाला, किती मिनिटे, किती वेग मिळेल याबद्दल एक अक्षर नाही. जाहीर क्षमता आणि हातात पडणारी क्षमता यांतले अंतर त्याला मोजताही येत नाही. कारण मोजायला घेतलेल्या ॲपचे नाव बघूनच फोन पूर्ण वेगाने धावत असेल, तर त्याची मोजपट्टीच निकामी झाली.

आणि फोनमधल्या या यंत्रणांची नावे बघा. गेम बूस्टर. गेम टर्बो. बूस्ट म्हणजे जोर देणे, हे शाळेतल्या मुलालाही कळते. यातल्या काही सोयी खरोखर उपयोगाच्या आहेत. खेळताना येणाऱ्या सूचना दाबतात, चुकून लागणारे बोट अडवतात. पण त्याच छपराखाली फ्रेमवर मर्यादा घालणे आणि चित्राचे रिझोल्यूशन उतरवणे हीही कामे होतात. काप म्हणायचे तिथे ऑप्टिमायझेशन म्हटले की विचारणाऱ्याची जीभ अडखळते. मला वाटते, निम्मे काम त्या शब्दानेच होऊन जाते.

पोरांचा खेळ मंदावला तर बरेच झाले, असे म्हणणारी वडीलधारी माणसे आहेत. त्यांची काळजी मला समजते. खेळावर मर्यादा हवी तर ती आईवडिलांनी घालावी, मुलाला समोर बसवून, वेळ ठरवून. कंपनीच्या गुपचूप कात्रीने मूल कमी खेळत नाही. ते तेवढेच खेळते, हरते आणि चिडते. शिवाय ही कात्री खेळापाशी थांबत नाही. २०२१ च्या जुलैमध्ये 'आनंदटेक' या तंत्रज्ञानाच्या संकेतस्थळाने दाखवून दिले की वनप्लस ९ प्रो हा फोन क्रोमसारख्या रोजच्या ॲपना आपल्या प्रोसेसरच्या सर्वांत वेगवान कोअरपासून दूर ठेवत होता. तिथेही निवाडा नावावरून होत होता. सुमारे ३०० लोकप्रिय ॲपबाबत आपण असे करतो हे कंपनीने नंतर मान्य केले. सातबारा क्रोममध्येच उघडतो. बोर्डाचा निकालही तिथेच उघडतो.

फ्रान्सने या प्रश्नाची गाठ बरोबर पकडली. जुन्या बॅटरीच्या आयफोनचा वेग आपण उतरवतो हे ॲपलने २०१७ च्या डिसेंबरमध्ये कबूल केले. कारण पटण्यासारखे होते. थकलेली बॅटरी एकदम लागणारी वीज देऊ शकत नाही आणि फोन अचानक बंद पडतो. तरी फेब्रुवारी २०२० मध्ये तिथल्या ग्राहक यंत्रणेने अडीच कोटी युरोचा दंड लावला, आणि तो ग्राहकांना सांगितले नाही म्हणून. तांत्रिक कारण खरे असले तरी माहिती दडवण्याचा गुन्हा त्याने धुतला जात नाही, एवढे त्या निर्णयात आहे. आपल्या २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यातही महत्त्वाची माहिती जाणूनबुजून दडवणे हे फसव्या जाहिरातीच्या व्याख्येत स्पष्ट घातलेले आहे. खेळाच्या वेगाला किती कात्री लागेल ही माहिती महत्त्वाची नाही असे ज्याला वाटते, त्याने आपला फोन गेमिंगच्या नावाने विकू नये.

आता गवगव्यानंतर मिळालेले ते बटण. त्या अपडेटनंतर सॅमसंगच्या फोनमध्ये ते शोधायचे तर आधी गेम लाँचर, त्यात गेम बूस्टर, त्यात लॅब्ज, आणि तिथे 'अल्टरनेट गेम परफॉर्मन्स मॅनेजमेंट' अशी ओळ. आवृत्ती बदलली की वाट थोडी बदलते. ती ओळ चालू केली की जुनी कात्री बाजूला होते. एक गोष्ट बंद करण्यासाठी दुसरी चालू करायची. तीही प्रयोगांच्या खणात ठेवलेली. आणि नाव असे, की ते वाचून वेग वाढेल की घटेल हे इंग्रजी शाळेतल्या मुलालाही सांगता येऊ नये. मालकाला त्याचा हक्क द्यायचा होता तर तो एवढ्या आत, एवढ्या अवघड शब्दांत ठेवायचे कारण काय? सेल्फीचे बटण कुणी चार खणांच्या आत ठेवलेले नाही.

खेळ पहिल्यांदा उघडला की फोनने मराठीत एक प्रश्न विचारावा: वेग पूर्ण हवा, की फोन थंड हवा? मग जे उत्तर येईल ते पाळावे, आणि पुढे तापल्यामुळे वेग उतरवावा लागलाच तर तेव्हा तसे पडद्यावर सांगावे. तापमानाचा अखेरचा बंदोबस्त फोनकडेच राहू दे, त्याला माझी ना नाही. फोन विकणाऱ्या कोणत्याही कंपनीला हे दोन ओळींचे काम जड नाही.

तोवर दाभोळच्या पोरांनी सिम बदलण्याआधी आणि काकांना फोन लावण्याआधी एवढे करून बघावे. आपल्या फोनमधले गेमचे सेटिंग उघडावे. त्यात बॅटरी वाचवण्याकडे कल असेल तर तो परफॉर्मन्सकडे न्यावा, आपोआप चालणारे काही असेल तर ते बंद करावे. जाड कव्हर काढावे. चार्जर लावलेला असेल तर सोडवावा. सावलीत बसून एक डाव खेळावा, नजर पिंगवर ठेवावी आणि मधूनमधून फोनच्या पाठीला हात लावून बघावा. चटका बसत असेल तर सेटिंग परत फिरवावे. बोट धोपाव्याहून वळून येईपर्यंत एवढे सगळे करून होते.