पुकारा झाला, वादी गैरहजर

कोर्टाचा पट्टेवाला दाराशी येऊन नावं पुकारतो. प्रतिवादी हजर आहे. वादीचा पत्ता नाही, आणि त्याचे वकील शेजारच्या कोर्टात उलटतपासणीत अडकलेत. दुपारी रोजनाम्यात ओळ पडते: वादी गैरहजर, दावा डिसमिस. बांधाचा वाद असो की वाटपाचा, कैक वर्षांच्या तारखा त्या एका ओळीत संपतात.

यात न्यायाधीशाने नियमाबाहेर काही केलेलं नसतं. दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ सालची आहे. तिच्या ऑर्डर ९ प्रमाणे दोन्ही पक्ष गैरहजर असल्याने दावा निघाला, तर मुदत शिल्लक असल्यास वादी नवा दावा लावू शकतो. प्रतिवादी आला आणि वादीच आला नाही, तर मात्र त्याच कारणासाठी नवा दावा लावता येत नाही. उरतो तो दावा पुन्हा बोर्डावर घेण्याचा अर्ज, तोही पुरेसं कारण दाखवून आणि तीस दिवसांत.

गाडं अडतं ते या तीस दिवसांत. ते मोजायचे डिसमिसच्या तारखेपासून, वादीला ती कळली त्या दिवसापासून नव्हे. तारीख वकिलाच्या डायरीत असते, पक्षकार गावी असतो आणि 'काही असलं तर साहेब फोन करतील' या भरवशावर असतो. महिने उलटून गेले की मूळ अर्जाला विलंबमाफीचा दुसरा अर्ज जोडायचा, म्हणजे बांध राहिला बाजूला आणि भांडण उशिराचं.

सर्वोच्च न्यायालयाने १९८१ मध्ये 'रफीक विरुद्ध मुन्शीलाल' प्रकरणात हेच ओळखलं होतं. अलाहाबाद उच्च न्यायालयात वकील आले नाहीत आणि अपील निकाली निघालं. वकील नेमल्यावर खेड्यातल्या माणसाने त्याच्यावर पहारा ठेवावा, अशी अपेक्षा करता येणार नाही, असं म्हणत न्यायालयाने अपील पुन्हा सुनावणीला पाठवलं आणि दोनशे रुपयांचा खर्च गैरहजर वकिलावर टाकला.

सगळेच वादी बिचारे नसतात, हेही खरं. मनाई हुकूम पदरात पाडून मग तारखांना फिरकायचंच नाही, ही युक्ती कोर्टाच्या आवारात कुणाला नवी नाही. समोरचा मात्र दर तारखेला एसटीचं भाडं आणि दिवसाची मजुरी गमावतो. अशा वेळी दावा निघालाच पाहिजे.

पण कळवून निघावा. खासगी फिर्यादींपुरतं कायद्याने हे मान्य केलंय. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २७९ प्रमाणे, समन्सच्या खटल्यात फिर्यादी आला नाही, तर त्याला हजर राहायला तीस दिवस दिल्यानंतरच आरोपीला त्या कारणावरून सोडता येतं. दिवाणी वादीला एवढी सवलत का नसावी? ई-कोर्ट्सच्या अ‍ॅपवर सोळा अक्षरी सीएनआर क्रमांक टाकला की पुढची तारीख दिसते, म्हणजे यंत्रणा आहे. डिसमिसची ओळ लिहिण्याआधी वादीच्या स्वतःच्या मोबाइलवर मराठीत एक संदेश जावा: पुढल्या तारखेला आला नाहीत, तर दावा निघेल.