केंटकी डर्बीचे कृष्णवर्णीय स्वार कोणी हुसकावले?

१/
अमेरिकेतील घोड्यांच्या शर्यतींचा इतिहास सांगताना एक वाक्य हमखास येते : विसाव्या शतकाच्या आरंभी कृष्णवर्णीय जॉकी मैदानावरून ‘हळूहळू नाहीसे झाले’. धुके नाहीसे होते, दव नाहीसे होते. केंटकी डर्बीच्या पहिल्या २८ शर्यतींपैकी १५ जिंकणारी माणसे आपोआप नाहीशी होत नाहीत. त्यांना कोणीतरी घालवावे लागते. कोणी, कसे आणि मुख्य म्हणजे कशासाठी, याचा हा धागा.

२/
बेसबॉलचे युग यायच्या आधी अमेरिकेचा राष्ट्रीय म्हणावा असा खेळ घोड्यांची शर्यत हाच होता. २७ मे १८२३ रोजी न्यूयॉर्कजवळ लाँग आयलंडवरील युनियन कोर्सवर उत्तरेचा ‘अमेरिकन एक्लिप्स’ आणि दक्षिणेचा ‘हेन्री’ समोरासमोर आले. पैज दोन्ही बाजूंनी प्रत्येकी २०,००० डॉलरची. प्रेक्षक ६०,००० च्या घरात होते, असा तत्कालीन अंदाज. चार चार मैलांच्या तीन फेऱ्या एकाच दिवशी. पहिली हेन्रीने जिंकली, पुढच्या दोन एक्लिप्सने. उत्तर आणि दक्षिण यांचे वैर रणांगणावर पोहोचायला अजून ३८ वर्षे होती. मैदानावर ते केव्हाच पोहोचले होते.

३/
दक्षिणेतल्या तबेल्यांत राबत कोण होते? मोतद्दार, घोडे तयार करणारे चाबूकस्वार आणि प्रत्यक्ष शर्यतीत बसणारे स्वार हे बहुतांशी गुलाम होते. अंगाने हलके मूल पाहून त्याला लहानपणीच घोड्यावर चढवले जाई. कोणत्या घोड्याला किती दौड द्यायची, कोणाचा पाय गरम लागतो, चार मैलांत दम कुठे राखायचा आणि कुठे सोडायचा, हे ज्ञान त्यांच्या हातांत आणि डोळ्यांत होते. मालकाकडे मालकी होती.

४/
व्हर्जिनियाचा विल्यम रॅन्सम जॉन्सन ‘शर्यतींचा नेपोलियन’ म्हणून मिरवला. त्याच्या तबेल्यात चार्ल्स स्ट्यूअर्ट हा गुलाम आधी जॉकी आणि पुढे प्रशिक्षक झाला. त्याची आत्मकथा १८८४ मध्ये ‘हार्पर्स’ मासिकात छापून आली, म्हणून त्याचे नाव तरी उरले. बाकीच्या कित्येक ‘सेनापतीं’ची नावे मालकाच्या चरित्रात तळटीप म्हणूनही येत नाहीत.

५/
चित्रकार एडवर्ड ट्रॉय याचे १८३५ च्या सुमाराचे एक प्रसिद्ध चित्र आहे. मध्यभागी शर्यतीचा घोडा, भोवती प्रशिक्षक, मोतद्दार आणि जॉकी असे तीन गुलाम. चित्राचे शीर्षक : ‘रिचर्ड सिंगलटन, सोबत वायलीचे हॅरी, चार्ल्स आणि ल्यू’. रिचर्ड सिंगलटन हे घोड्याचे नाव. घोड्याला आडनाव आहे; माणसांना नाही. त्यांच्या नावाआधी येते ते मालकाचे नाव.

६/
लुइझियानाचा एब हॉकिन्स हा त्या काळचा सर्वांत नावाजलेला गुलाम जॉकी. एप्रिल १८५४ मध्ये न्यू ऑर्लिन्सच्या मेटारी मैदानावर त्याने ‘लेकाँत’वर बसून ‘लेक्झिंग्टन’ या विख्यात घोड्याला हरवले. लेक्झिंग्टनचा आयुष्यातला तो एकमेव पराभव. वर्तमानपत्रे त्याला नुसते ‘एब’ म्हणत. १८६६ मध्ये साराटोगाची ट्रॅव्हर्स शर्यत त्याने जिंकली ती मात्र स्वतंत्र माणूस म्हणून. पुढच्याच वर्षी तो वारला.

७/
इथे एका गोड गैरसमजाला थारा देता कामा नये. ‘गुलामगिरीतही गुणाची कदर होत होती’ असा निष्कर्ष या कथांमधून काढला जातो. कदर घोड्याचीही होत होती. गुलाम जॉकी जिंकला की पैजेची रक्कम, करंडक आणि लौकिक मालकाच्या घरी जाई. जॉकीचे कौशल्य जितके मोठे तितकी त्याची बाजारातली किंमत मोठी, आणि तीही मालकाच्याच खिशात. अशा विजयाने गोऱ्या समाजाच्या उतरंडीला कसलाच धक्का लागत नव्हता. म्हणून तो खपला. पुढचे सगळे समजून घ्यायला एवढे ध्यानात ठेवणे पुरे.

८/
१८६५ मध्ये गुलामगिरी कायद्याने संपली. तिकडे पुण्यात जोतीराव फुल्यांनी १८७३ साली ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ अमेरिकेतील गुलामांच्या मुक्तीसाठी झटलेल्या लोकांना अर्पण केला. ती आशा भाबडी नव्हती. त्या दशकात मुक्त झालेली माणसे मतदान करत होती, निवडून येत होती, आणि शर्यतीच्या मैदानावर आता स्वतःच्या नावाने, स्वतःच्या मेहनतान्यासाठी उतरत होती.

९/
१७ मे १८७५, लुईव्हिल. पहिली केंटकी डर्बी. १५ घोडे धावले. त्यांपैकी १३ जॉकी कृष्णवर्णीय होते. ‘ॲरिस्टायडीज’वर बसलेल्या ऑलिव्हर लुईसने ती जिंकली. घोड्याचा प्रशिक्षक ॲन्सेल विल्यमसन. हा माणूस गुलाम म्हणून जन्मला, आणि १८६४ मध्ये, म्हणजे युद्ध संपत आले असतानाही, वुडबर्न फार्मच्या रॉबर्ट अलेक्झांडरला विकला गेला होता. दोनच वर्षांनी, १८७७ मध्ये, ‘बाडन-बाडन’ने डर्बी जिंकली, त्याचा जॉकी बिली वॉकर आणि प्रशिक्षक एडवर्ड ब्राउन दोघेही कृष्णवर्णीय. ब्राउनही वुडबर्नच्याच तबेल्यात गुलाम म्हणून वाढलेला. एका पिढीचे लपलेले ज्ञान प्रथमच उजेडात आले होते.

१०/
आणि मग आयझॅक मर्फी. जन्म १८६१, केंटकी. वडील यादवी युद्धात उत्तरेच्या सैन्यात गेले आणि तिथेच निवर्तले. मर्फी चाबूक क्वचितच वापरी. घोड्याच्या मानेशी वाकून, हाताने आणि आवाजाने त्याला पुढे काढी, आणि शेवटच्या क्षणी जेवढे हवे तेवढ्याच अंतराने जिंके. १८८४, १८९० आणि १८९१ अशा तीन डर्बी त्याने मारल्या. त्याच्या स्वतःच्या हिशेबाने त्याने शेकडा ४४ शर्यती जिंकल्या. हाती असलेल्या नोंदींवरून हा आकडा ३४ च्या आसपास येतो. तोही अफाटच आहे.

११/
मर्फीची वार्षिक कमाई दहा हजार डॉलरच्या पुढे गेल्याचे सांगितले जाते. मजुराला दिवसाला एक-दीड डॉलर मिळण्याच्या काळात. लेक्झिंग्टन शहरात त्याचे स्वतःचे प्रशस्त घर होते. १८९१ मध्ये त्याने जिंकवलेल्या ‘किंगमन’चा प्रशिक्षक आणि भागीदार मालक डडली ॲलन हाही कृष्णवर्णीय होता. म्हणजे आता स्वारही त्यांचा, प्रशिक्षकही त्यांचा आणि घोड्यात वाटाही त्यांचा. बक्षिसाचा पैसा पहिल्यांदाच वेगळ्या घरी जाऊ लागला होता. वादळ नेमके इथून उठते, हा योगायोग मानायचा असेल तर खुशाल मानावा.

१२/
२५ जून १८९० रोजी शीप्सहेड बेच्या मैदानावर ‘सॅल्व्हेटर’वर मर्फी आणि ‘टेनी’वर गोरा जॉकी ‘स्नॅपर’ गॅरिसन अशी थेट लढत झाली. अगदी थोडक्यात मर्फी जिंकला आणि देशभर गाजला. सुमारे दोन महिन्यांनी मॉनमथ पार्कवर ‘फिरेन्झी’ घोडीवर त्याचा तोल गेला, ती मागे पडली. दारू प्यायल्याचा ठपका ठेवून त्याला निलंबित केले गेले. प्रकृती बिघडल्याचे तो सांगत राहिला. हिवाळ्यात वाढलेले वजन हंगामाआधी उपासाने उतरवणाऱ्या माणसाला भोवळ येणे हे आश्चर्य नव्हे. पण ‘मद्यपी’ हा शिक्का त्याला कायमचा चिकटला. १८९६ च्या फेब्रुवारीत न्यूमोनियाने तो गेला, पस्तिशीच्या आसपास. त्याची कबर पुढे हरवली, आणि १९६० च्या दशकात कोणीतरी शोधून काढेपर्यंत हरवलेलीच राहिली.

१३/
त्याच १८९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने प्लेसी खटल्यात वर्णभेदी विभाजनाला कायदेशीर ठरवले. आगगाडीचे डबे वेगळे, शाळा वेगळ्या. शर्यतीत मात्र अडचण होती. दोन जॉकींना वेगवेगळ्या मैदानांवर पळवता येत नाही. तेव्हा एकालाच काढावे लागले.

१४/
पद्धत साधी होती. १९०० च्या उन्हाळ्यात न्यूयॉर्कच्या मैदानांवर गोऱ्या जॉकींनी कृष्णवर्णीयांविरुद्ध संगनमत केल्याच्या बातम्या त्या वेळच्या वर्तमानपत्रांतच छापल्या गेल्या. कृष्णवर्णीय जॉकीचा घोडा दोन बाजूंनी कोंडायचा, त्याला कठड्यावर दाबायचे, वळणावर पाय अडकवायचा, चाबूक घोड्याऐवजी माणसावर ओढायचा. पंचांची नजर नेमकी तेव्हा दुसरीकडे. मग हिशेब मालकाच्या डोक्यात आपोआप होई : कृष्णवर्णीय स्वार बसवला तर घोडा अडवला जाणार, कदाचित जायबंदी होणार. गोरा बसवला तर पैसा सुरक्षित. कोणत्याही मालकाला द्वेष्टा असण्याची गरजच उरली नाही. ‘माझी काही हरकत नाही, पण घोड्याचे नुकसान नको’ एवढे म्हटले की झाले. लेखी बंदीचा एक कागदही न लिहिता बंदी अमलात आली, आणि म्हणूनच आज ‘नाहीसे झाले’ असे म्हणण्याची सोय झाली.

१५/
आता नेहमीचे बचाव. पहिला : जुगारविरोधी कायद्यांनी शर्यतीच घटल्या. खरे आहे, न्यूयॉर्कचा हार्ट-ॲग्न्यू कायदा १९०८ चा, आणि १९११ व १९१२ मध्ये तिथली मैदाने बंदच राहिली. पण संगनमत १९०० चे आहे. शिवाय धंदा आटला तर सगळेच आटायला हवेत. मैदाने पुन्हा उघडली तेव्हा गोरे जॉकी परतले, बाकीचे का नाही?

दुसरा : कृष्णवर्णीय कुटुंबे खेडी सोडून उत्तरेच्या शहरांत गेली, घोड्यांशी संबंध तुटला. ते महास्थलांतर मुख्यतः १९१० नंतरचे. परिणाम आधी आणि कारण नंतर, असे इतिहासात होत नसते.

तिसरा बचाव तर हास्यास्पद आहे : आखूड रिकिबीची नवी बैठक त्यांना जमली नाही म्हणे! विली सिम्स हा कृष्णवर्णीय जॉकी १८९५ मध्ये इंग्लंडात जाऊन त्याच बैठकीत बसून जिंकून आला होता. श्रेय मिळाले ते दोन वर्षांनी गेलेल्या टॉड स्लोनला, कारण तो गोरा होता. सिम्सच्या नावावर दोन डर्बी, दोन बेलमाँट आणि एक प्रीकनेस आहे.

१६/
हे केवळ घोड्यांपुरते नव्हते. बेसबॉलमध्ये मोझेस फ्लीटवुड वॉकर १८८४ मध्येच वरच्या साखळीत खेळला होता. जुलै १८८७ मध्ये इंटरनॅशनल लीगने कृष्णवर्णीयांशी नवे करार न करण्याचा ठराव केला. मुष्टियुद्धात जॉन एल. सलिव्हनने पीटर जॅक्सनशी लढायलाच नकार दिला. त्यामुळे १९४७ मध्ये जॅकी रॉबिन्सनने ‘बंद दार पहिल्यांदा उघडले’ ही शाळकरी मांडणी अर्धवट आहे. दार उघडेच होते. ते साठ वर्षांपूर्वी लावून घेतले गेले, आणि लावणाऱ्यांची नावे सांगायला कोणाला आवडत नाही.

१७/
शेवटचा माणूस जिमी विंकफील्ड. १९०१ मध्ये ‘हिज एमिनन्स’ आणि १९०२ मध्ये ‘ॲलन-अ-डेल’ यांच्यावर त्याने लागोपाठ दोन डर्बी जिंकल्या. त्यानंतर आजवर एकाही कृष्णवर्णीय अमेरिकी जॉकीने डर्बी जिंकलेली नाही. १९०३ मध्ये एका बड्या मालकाला शब्द देऊन त्याने जास्त पैशांसाठी दुसऱ्याचा घोडा पळवला, ही त्याची चूकच. तशा चुका गोऱ्या जॉकींनीही केल्या आणि ते पुढच्या हंगामात पुन्हा खोगिरावर दिसले. विंकफील्डला मात्र १९०४ मध्ये रशिया गाठावा लागला. झारच्या साम्राज्यात तो अग्रगण्य जॉकी ठरला. क्रांतीनंतर १९१९ मध्ये ओडेसाहून सुमारे २०० घोड्यांचा तांडा घेऊन तो सहकाऱ्यांसह वॉर्सोपर्यंत पोहोचला, आणि पुढे फ्रान्समध्ये स्थिरावला.

१८/
१९२१ च्या डर्बीत हेन्री किंग हा कृष्णवर्णीय जॉकी धावला. त्यानंतरचा कृष्णवर्णीय अमेरिकी जॉकी, मार्लन सेंट ज्युलियन, या शर्यतीत दिसला तो २००० मध्ये. मधली ७९ वर्षे त्या मैदानावर कृष्णवर्णीय माणसे होती. घोडे धुताना, फिरवताना, तबेले झाडताना. खोगिरावर नव्हती. श्रीमंतांच्या घरांपुढच्या हिरवळीवर काळ्या जॉकीचे लोखंडी पुतळे मात्र याच काळात उभे राहिले.

१९/
१९६१ मध्ये शर्यतविषयक लेखकांच्या मेजवानीसाठी विंकफील्डला लुईव्हिलला रीतसर निमंत्रण आले. ऐंशीच्या घरातला हा गृहस्थ मुलीसह ब्राउन हॉटेलच्या पुढच्या दाराशी पोहोचला. कृष्णवर्णीयांना या दाराने आत येता येत नाही, असे त्याला सांगण्यात आले. आपण आजच्या समारंभाचे पाहुणे आहोत, हे बऱ्याच वेळाने दारावरच्या लोकांच्या गळी उतरल्यावर त्यांना आत सोडले गेले.