पंप, वशिला आणि खसरा

गेल्या महिन्यात आतेभावाचा फोन आला. "दादा, पंपाच्या सोडतीत माझं नाव निघालं होतं ना, ते रद्द केलं. हायकोर्टात जाऊ का?" सांवेरजवळ पेट्रोल पंप काढायचं त्याचं स्वप्न आमच्या घरात सगळ्यांना पाठ आहे. मागून आत्याचा आवाज आला, "अरे, वशिला लागतो त्याला. तेव्हाही लागायचा, आताही लागतो."

आत्याचं 'तेव्हा' अगदी खरं आहे. पूर्वी पेट्रोलियम मंत्र्यांना आपल्या मर्जीने पंप देण्याचा कोटाच असे. सतीश शर्मा मंत्री असताना या कोट्यातून दिलेले 15 पंप सुप्रीम कोर्टाने सप्टेंबर 1996 मध्ये रद्द केले. 'कॉमन कॉज' संस्थेची याचिका होती. जाहिरात नाही, निकष नाहीत, अर्ज थेट मंत्र्यांकडे आणि मंजुरीही तिथेच. मंत्र्यांना 50 लाख भरायलाही सांगितलं होतं, पण तो हुकूम कोर्टानेच 1999 मध्ये फेरविचारात मागे घेतला.

मला जास्त विचार करायला लावतं ते 2002 चं प्रकरण. तोवर मुलाखती घेऊन निवड करणारी मंडळं आली होती. पण पंप राजकीय कार्यकर्त्यांना आणि त्यांच्या नातेवाइकांना गेल्याच्या बातम्या ऑगस्टमध्ये छापून आल्या, आणि सरकारने काय केलं? 1 जानेवारी 2000 पासून या मंडळांच्या शिफारशीने झालेली सगळीच वाटपं रद्द! पंप, गॅस, रॉकेल मिळून तीन हजारांहून अधिक. त्यात सरळ मार्गाने निवड होऊन, कर्ज काढून पंप उभे केलेलेही होते. ते कोर्टात गेले. 20 डिसेंबर 2002 ला सुप्रीम कोर्टाने तो सरसकट आदेश रद्द केला. ज्यांच्यावर आरोपच नाही त्यांनाही त्याच पारड्यात कसं टाकता, असा त्याचा मथितार्थ. बातम्यांत आलेली 413 प्रकरणं मात्र दोन निवृत्त न्यायमूर्तींच्या समितीकडे एकेक करून तपासायला दिली. त्यातल्या बऱ्याच निवडी गुणवत्तेवर झाल्या नव्हत्या असंच समितीला आढळलं.

आमच्या धंद्यातही एक बग सापडला की अख्खं रिलीज मागे घ्यायचा मोह होतो. लॉग वाचायचा कंटाळा, दुसरं काय!

आता निवड संगणकीय सोडतीने होते. त्यामुळे भांडण वशिल्यावरून जमिनीच्या कागदांवर आलंय. हातात जमीन आहे असं सांगून अर्ज करायचा, तर ती स्वतःची हवी, नाहीतर किमान 19 वर्षे 11 महिन्यांच्या भाडेकराराची, आणि तो कागद अर्ज करतानाच हातात हवा. कोर्ट काही पंप वाटत बसत नाही. कंपनीने स्वतःच छापलेले नियम पाळले का, सगळ्यांना सारखेच लावले का, एवढंच ते बघतं.

म्हणून भावाला म्हटलं, "आधी कागद पाठव."

जमीन त्याच्या आजोबांची, पण खसऱ्यावर आता नाव त्याच्या काकांचं. जाहिरातीतल्या कुटुंबाच्या व्याख्येत आई-वडील होते, भाऊ-बहीण होते, सासू-सासरेसुद्धा होते. काका नव्हते! मग भाडेकरार करणं भाग होतं. तो झाला, रीतसर नोंदवलाही, पण अर्जाच्या शेवटच्या तारखेनंतर अकरा दिवसांनी. कंपनीच्या पत्रात मात्र 'जमिनीची अट पूर्ण होत नाही' एवढी एकच ओळ.

"सविस्तर कारण लेखी मागून घे, तो तुझा हक्क आहे," मी म्हटलं. "दुसऱ्या कुणाचा उशिराचा कागद त्यांनी चालवून घेतला असेल तर वकिलाला जरूर भेट. पण नुसत्या या फाइलीवर जाणार असशील तर तुझी केस कच्ची आहे."

तो बराच वेळ बोलला नाही. मग म्हणाला, "काका सहीला आज-उद्या करत राहिले रे."

पुढची जाहिरात येईल तेव्हा भाडेकरार तयारच आहे. फक्त काकांना आता भाडं कमी वाटतंय.