आठवण तुटते, म्हणून साक्ष खोटी ठरत नाही

"पहिला घाव कोणी घातला? तेव्हा किती वाजले होते?" घटनेनंतर चार-पाच वर्षांनी पिंजऱ्यात उभ्या केलेल्या आईला आरोपीचा वकील विचारतो. पोलिसांच्या जबाबात एक नाव असते, तिच्या तोंडून दुसरे निघते. संशयाचा फायदा आरोपीला मिळतो आणि इकडे वस्तीत कुजबुज सुरू होते, बाई फितूर झाली!

ती फितूर नसते. डोळ्यांदेखत लेकरावर घाव पडताना कोणती माय घड्याळ बघते? जातीवाचक शिवी, किंकाळी, रक्त मनात कोरले जाते. वेळ, क्रम, कोण कुठे उभा होता याची सरमिसळ होते. कायद्यालाही हे मान्य आहे. भरवाडा भोगिनभाई खटल्यात १९८३ साली सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले, की साक्षीदाराची स्मृती म्हणजे छायाचित्र नव्हे. गाभ्याला धक्का न लावणाऱ्या किरकोळ विसंगतींना अवाजवी महत्त्व देऊ नये. सरकारी वकील हा निवाडा दाखवतात का, यावर आपले लक्ष हवे.

पण बंधूंनो, थोडे आपल्याकडेही पाहू. अत्याचार घडला की पुढाऱ्यांची रीघ लागते. प्रत्येकजण पीडितेला तीच हकीकत पुन्हा सांगायला लावतो. "पाटलाचा पोरगाही होता ना?" असे विचारतो. अमेरिकेत १९७४ साली एलिझाबेथ लॉफ्टस यांनी प्रयोगाने दाखवले, की प्रश्नातला एक शब्द बदलला तरी पाहणाऱ्याची आठवण बदलते. आपण सुचवलेले नाव तिच्या आठवणीत शिरते, उलटतपासणीत उघडे पडते आणि त्याच्याआड खरे गुन्हेगारही सुटतात.

म्हणून पहिल्याच दिवशी तिच्याच शब्दांत फिर्याद नोंदवा, वाचून घ्या. आठवत नसेल तर "आठवत नाही" असेच लिहू द्या. दंडाधिकाऱ्यांपुढचा जबाब लवकर व्हावा यासाठी पाठपुरावा करा. अॅट्रॉसिटी कायद्यात २०१५ च्या दुरुस्तीने आलेल्या कलम १५-अ प्रमाणे कार्यवाहीचे चित्रीकरण मागा. आरोपपत्रानंतर शक्यतो दोन महिन्यांत खटला संपवावा, असे कलम १४ सांगते. मोर्चा काढायचा तर यासाठी काढा.

पंचशीलातले चौथे शील खोटे न बोलण्याचे आहे. ते साक्षीदाराइतकेच तिच्या शेजारी बसणाऱ्या कार्यकर्त्यालाही लागू आहे. तिला पढवू नका. तिच्या सोबत बसा.

जय भीम!