भाताची जागा आणि एकच भांडे

‘कॅसरोल’ म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे उभा राहतो तो पोळ्या गरम ठेवण्याचा, झाकणावर फुलांची नक्षी असलेला आणि लग्नात आहेर म्हणून हमखास आलेला डबा. अमेरिकेत मात्र हा शब्द भट्टीत ठेवण्याच्या खोलगट भांड्याला लावतात आणि त्या भांड्यात शिजलेल्या पदार्थालाही. भांडे आणि अन्न यांना एकच नाव असावे, यात मला मोठी गंमत वाटते. हा पदार्थ ज्या भांड्यात शिजतो त्याच भांड्यातून मेजावर येतो आणि घरातील सर्वजण त्यातूनच वाढून घेतात. या लेखात ज्याविषयी लिहावयाचे आहे ते कॅसरोल ट्यूना माशाचे आहे आणि त्यात भाताऐवजी फ्लॉवर आहे. बँकेच्या अंकात हे कशासाठी, असा प्रश्न वाचकांना पडेल. काउंटरच्या अलीकडे आणि पलीकडे बसणाऱ्या आपल्यापैकी कितीजणांच्या खणात आज साखरेच्या गोळ्या असतात, हे आठवल्यास उत्तर मिळावे. गोळ्या साखरेवरच्या, हे सांगावयास नकोच.

मूळ पदार्थ काटकसरीचा. कॅलिफोर्नियात १९०३ च्या सुमारास ट्यूना डबाबंद होऊ लागला. पुढे १९३४ मध्ये, जागतिक मंदीच्या काळात, कॅम्पबेल कंपनीचे अळंबीचे दाट सूप डब्यातून बाजारात आले. फडताळातील दोन डबे उघडावेत, त्यात शेवया अथवा भात मिसळावा, वर बटाट्याच्या वेफर्सचा चुरा पेरावा आणि भांडे भट्टीत सारावे, एवढीच काय ती कृती. दुसऱ्या महायुद्धानंतर तो तेथील मध्यमवर्गीय घरांतला सायंकाळचा हुकमी पदार्थ झाला. आपल्या पिठल्याची जी पत, तीच त्याची! पाहुणा अवचित आला तरी यजमानीण डगमगत नाही.

या पदार्थात पिष्ट भरपूर, हे उघड आहे. पिष्ट कमी करून वजन उतरविण्याचा विचारही नवा नव्हे. लंडनच्या विल्यम बँटिंग नावाच्या गृहस्थाने १८६३ मध्येच आपल्या स्थूलतेवरील उपायांची पुस्तिका काढली होती. अमेरिकेत डॉ. अॅटकिन्स यांच्या १९७२ मधील पुस्तकाने त्याची लाट आणली. तेव्हा कॅसरोलमधून शेवया आणि भात बाहेर गेले आणि किसलेला फ्लॉवर आत आला, हे ओघानेच झाले.

वाणिज्य शाखेच्या पदवीधराला आकडेमोड केल्यावाचून चैन पडत नाही. तेव्हा हिशेब मांडते. चार माणसांसाठी दोनशे ग्रॅम तांदूळ घेतले तर त्यातून सुमारे १५६ ग्रॅम कर्बोदके येतात, म्हणजे माणशी एकोणचाळीस. त्याऐवजी सहाशे ग्रॅम फ्लॉवर घेतला तर सुमारे तीस ग्रॅम येतात आणि त्यातही बारा ग्रॅमच्या आसपास केवळ तंतू असतात. माणशी साडेसात. फरक एकतीस-बत्तीस ग्रॅमचा, म्हणजे ढोबळमानाने दोन मध्यम पोळ्यांइतका. जमेच्या बाजूला ट्यूना, चक्का, अंडी आणि चीज मिळून माणशी पंचवीस ग्रॅमच्या आसपास प्रथिने पडतात.

ही जमेची बाजू मला अधिक महत्त्वाची वाटते. भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेच्या सहकार्याने झालेल्या देशव्यापी पाहणीचे निष्कर्ष २०२३ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यानुसार देशात १०.१ कोटी लोकांना मधुमेह आहे आणि आणखी १३.६ कोटी त्याच्या उंबरठ्यावर आहेत. राज्यवार यादीत गोवा २६.४ टक्क्यांवर सर्वांत वर, आणि केरळही २५.५ टक्क्यांसह फार मागे नाही. दोन्ही किनारे भात-माशांचे. म्हणून सारा दोष भातावर ढकलावा, असे मात्र मी म्हणणार नाही. वय, कष्टांचा अभाव, घराण्याचा वारसा या गोष्टी त्यात असतातच. याच पाहणीवर आधारलेला, २०२५ मध्ये प्रसिद्ध झालेला आहारविषयक अभ्यास अधिक नेमके बोलतो. आपल्या आहारातील सुमारे ६२ टक्के ऊर्जा कर्बोदकांतून येते. नुसता तांदूळ काढून त्या जागी गहू अथवा भरड धान्य आणल्याने, एकूण कर्बोदके तेवढीच राहिली तर, धोका घटत नाही. त्यांतील पाच टक्के ऊर्जेची जागा डाळी, दूध, अंडी किंवा मासे यांतील प्रथिनांना दिली, तर मधुमेहाचा संभव कमी असल्याचे आढळते. दुसऱ्या शब्दांत, एका खात्यातून काढलेली रक्कम कोणत्या खात्यात जमा होते, यावर सारे अवलंबून आहे.

आपल्याकडे भात काढण्याची परंपरा नाही असे थोडेच आहे? दर एकादशीला आपण तो काढतो; मात्र त्याच्या जागी साबुदाणा, बटाटा आणि भगर आणून बसवतो. ‘एकादशी दुप्पट खाशी’ म्हणणाऱ्या पूर्वजांना लेखापरीक्षण उत्तम येत होते!

आता माझ्या मुख्य मुद्द्याकडे येते. आपल्या घरांत मधुमेहाचे निदान झाले की पहिली गोष्ट कोणती होते? त्या माणसाचे ताट वेगळे होते. इतरांसाठी आंबेमोहोराचा वाफाळता भात, वरण आणि तूप. त्याच्यासाठी एका बाजूला उकडलेली भाजी आणि सुकी भाकरी. हेतू मायेचा असतो, यात शंका नाही. परंतु ज्याने चाळीस वर्षे घरासाठी तांदळाची पोती आणली, त्यालाच पंक्तीत बसून भाताकडे केवळ पाहत राहावे लागते. माझे सासरे संगमेश्वरकडचे. सकाळी पेज आणि दोन्ही वेळा भात यांवर वाढलेले. एका नातलगाकडे काही महिने राहून ते आमच्याकडे कोचीला आले, त्या रात्री जेवायला बसण्यापूर्वी त्यांनी विचारले, “सूनबाई, इथेही माझे ताट निराळेच का?” आवाजात तक्रार नव्हती, आणि तेच अधिक लागले. सहा महिन्यांत त्यांनी पथ्य किती वेळा मोडले, हे त्यांनी पुढे हसत हसत सांगितले. चोरून खाल्लेल्या भाताचा हिशेब कोणत्याच अहवालात येत नाही. येते ती फक्त वाढलेली साखर.

म्हणून कॅसरोलकडे मी पथ्याचा पदार्थ म्हणून पाहत नाही. एक भांडे मध्यभागी, आणि त्यातून सर्वांना सारखेच. शाळकरी मुलाला वाढत्या वयात अधिक पिष्ट लागते, तर त्याच्या ताटात सोबत एक पोळी अथवा मूदभर भात वाढावा. वेगळेपण करायचेच तर ते बेरजेचे असावे, वजाबाकीचे नको.

फ्लॉवरच्या किसाला ‘फ्लॉवरचा भात’ म्हणण्याची जी पद्धत रूढ होत आहे, तिला माझा विरोध आहे. भात म्हणून वाढले की जीभ भाताची अपेक्षा करते आणि हिरमुसते. साध्या वरणाखाली हा कीस घालून पाहावा. वरण तळाशी, कीस वर, आणि जेवणारा उदास! लहान मुलाच्या उष्टावणापासून देवाच्या नैवेद्यापर्यंत ज्याचे स्थान आहे, त्याची नक्कल करण्याचे धाडस बिचाऱ्या फ्लॉवरने करू नये. कॅसरोलमध्ये मात्र तो शोभतो, कारण तेथे धान्याचे काम मुख्यतः रस धरून ठेवण्याचे आणि भांडे भरण्याचे असते. शिवाय, परका म्हणून त्याला हिणवण्याचेही कारण नाही. १८२२ मध्ये सहारनपूरच्या कंपनी बागेत त्याचे बी इंग्लंडहून आले असे नोंदलेले आहे; आज तो हरिद्वारपासून हुबळीपर्यंत सर्वत्र घरचा झाला आहे.

कृतीत एकच गोष्ट जपावी लागते, ती म्हणजे पाणी. फ्लॉवरचे तुरे धुऊन पूर्ण कोरडे करावेत आणि जाड किसणीवर किसावेत. मिक्सरमध्ये त्याचा लगदा होतो. हा सहाशे ग्रॅम कीस पसरट कढईत, तेल अथवा मीठ न घालता, मोठ्या आचेवर सात-आठ मिनिटे परतावा. मीठ आधी घातले की पाणी सुटते. वाफ थांबली आणि कडा किंचित तांबूस झाल्या की कीस ताटात पसरून गार करावा. कीस झाकून शिजवला तर भट्टीतून कॅसरोलऐवजी आमटी बाहेर येईल.

त्याच कढईत चमचाभर तेलावर एक कांदा, दीडशे ग्रॅम चिरलेली अळंबी आणि एक ढोबळी मिरची परतून घ्यावी. अळंबीचेही पाणी आटू द्यावे. दोनशे ग्रॅम चक्का, दोन अंडी, चमचाभर मोहरीची चटणी आणि भरपूर मिरपूड एकत्र घोटावी. डब्यातल्या दाट सुपाचे काम हा चक्का करतो, आणि सुपात दाटपणासाठी घातलेले पीठही टळते. पाण्यातील ट्यूनाचे दोन डबे निथळून, मोठे तुकडे राखून, सर्व अलगद एकत्र करावे. मीठ चाखूनच घालावे, कारण डब्यातील मासा आणि चीज दोन्ही खारट असतात. मिश्रण भांड्यात दाबून, वर ऐंशी ग्रॅम किसलेले चीज आणि वेफर्सच्या जागी भाजलेल्या शेंगदाण्यांची भरड पसरावी. १८० अंशांवर पंचवीस मिनिटे. भट्टी नसेल तर जाड बुडाचे भांडे तव्यावर ठेवून, झाकून, मंद आचेवर तेवढाच वेळ. मात्र भरड शेवटी घालावी. उतरवल्यावर दहा मिनिटे हात लावू नये, म्हणजे वड्यांसारखे तुकडे नीट निघतात.

डबाबंद मासा महाग पडतो आणि आपल्याला त्याची गरजही नाही. कोचीच्या बाजारात ज्याला ‘चूरा’ म्हणतात, मुंबईच्या कोळणी ज्याला ‘कुपा’ म्हणतात, तो ताजा ट्यूनाच. त्याचे तुकडे हळद-मीठ लावून, दहा मिनिटे वाफवून, काटे काढून वापरावेत. लक्षद्वीपच्या शाखांत काम केलेल्या सहकाऱ्यांना तर या माशाविषयी मी काय सांगावे? तेथे तो उकडून, धुरावून, वाळवून ‘मास’ म्हणून वर्षभर पुरवतात. शाकाहारी वाचकांनी माशाच्या जागी पनीर घ्यावे आणि अंड्यांऐवजी दोन चमचे भाजलेले बेसन. हिशेब थोडा बदलेल, बिघडणार नाही.

दोन सूचना केल्यावाचून राहवत नाही. इन्शुलिन अथवा साखर झपाट्याने उतरवणाऱ्या गोळ्या चालू असताना जेवणातील पिष्ट एकदम घटवले तर साखर धोकादायकरीत्या खाली जाऊ शकते. तेव्हा डॉक्टरांना आधी सांगावे, औषधाची मात्रा ते ठरवतील. मूत्रपिंडाचा विकार असणाऱ्यांनी प्रथिने वाढवण्यापूर्वी हाच मार्ग धरावा. आणि ‘पिष्ट नाही ना, मग चीज हवे तेवढे’ हा जो युक्तिवाद अलीकडे ऐकू येतो, तो विनातारण कर्जासारखा आहे. घेताना सोपा, फेडताना कठीण.

आमच्याकडे हे कॅसरोल आठवड्यातून एकदा, बहुधा शनिवारी होते. उरलेले सहा दिवस भात असतोच, सर्वांच्याच ताटात, पण एका वाटीने मोजलेला आणि त्याच्या दुप्पट वरण-भाजीसह. सासऱ्यांना कॅसरोल हे नाव अद्याप मान्य नाही. ते त्याला ‘माशाचा ढोकळा’ म्हणतात, आणि कडेचा खरपूस तुकडा कोणाला मिळावा यावरून नातवाशी भांडतात. फ्लॉवरचे कोवळे दांडे मात्र कीस करताना बाजूला ठेवावेत. दुसऱ्या दिवशी लिंबू, मोहरीची पूड आणि हिरवी मिरची घालून त्यांचे ताजे लोणचे फार सुरेख होते.